गव्हर्नरापेक्षा जास्त पगार, म्हणे!

"सुमन, तुला म्हणून सांगते, त्या सुलोचनेचा पगार गव्हर्नरापेक्षा जास्त होता!"

शकूमावशींच्या बोलण्याला प्रस्तावना नसते. सकाळचा कुकर उतरला की त्या कुंपणाशी येतात, मेंदीवरून मान काढतात आणि मधूनच सुरू होतात. आधीचं सगळं आपण ऐकलेलंच आहे, असं त्यांनी धरूनच चाललेलं असतं.

"कुठली सुलोचना, मावशी? आपल्या सुलोचनादीदी?"

"अगं, दीदी कशा? त्या बिचाऱ्या जन्मभर पांढरी साडी नेसून हिरोची वाट बघत देवापुढे निरांजन लावत बसल्या. त्यांना कोण देतंय गव्हर्नराचा पगार!"

"मग सुलोचना चव्हाण?"

"लावणीवाल्या? छे गं. ही त्यांच्याही आधीची. मुक्या सिनेमातली. यहुदी होती, घारी-गोरी. आमच्या सासूबाई सांगायच्या ना!"

मग माझ्या डोक्यात प्रकाश पडला. मावशींच्या सासूबाई गिरगावातल्या. त्यांच्या लहानपणी सिनेमा मुका होता आणि त्या मुक्या सिनेमाची राणी होती रूबी मायर्स. पडद्यावरचं नाव सुलोचना.

"पुण्याची बरं का ती," मी म्हटलं. "1907 चा जन्म. बगदादी ज्यू घराणं."

पुण्याची म्हटल्यावर शकूमावशींच्या चेहऱ्यावर जो भाव आला तो मी इथे लिहून दाखवू शकत नाही. पुणेकरांना तो आपोआप कळेल. "तरीच!" एवढंच म्हणाल्या आणि रूबीला त्यांनी लगेच कॅम्पात, लाल देवळाच्या मागच्या गल्लीत घरही देऊन टाकलं. लाल देऊळ म्हणजे डेव्हिड ससूनने बांधलेलं ज्यूंचं प्रार्थनाघर, ही एवढी त्यांची ज्यू लोकांबद्दलची माहिती. तिच्या जोरावर गल्लीही ठरली. मी अडवलं नाही. गप्पांमध्ये घर द्यायला कुणाच्या बापाचं काय जातं?

"टेलिफोन ऑपरेटर होती ती आधी," मी म्हटलं. "नंबर प्लीज, नंबर प्लीज करायची. कोहिनूर फिल्म कंपनीच्या मोहन भवनानींनी तिला सिनेमात काम करतेस का म्हणून विचारलं, तर चक्क नाही म्हणाली."

"बरोबरच केलं! पहिल्यांदा विचारल्यावर नाहीच म्हणायचं असतं."

"तसं नव्हे हो मावशी. सिनेमात जाणं म्हणजे बाईनं अब्रू घालवणं, अशी तेव्हाची समजूत. भवनानी पिच्छाच सोडेनात, तेव्हा कुठे हो म्हणाली. अभिनयाचं एक अक्षर माहीत नव्हतं."

हे मावशींना पटेना. टेलिफोनवर गोड बोलणारी शहरातली मुलगी सिनेमाला घाबरते म्हणजे काय? मग मला फाळक्यांपासून सुरुवात करावी लागली. 1913 च्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामतीचं काम करायला दादासाहेबांना एक बाई मिळाली नाही. विचारायचं तिथे विचारून झालं, आणि शेवटी तारामती झाले अण्णा साळुंके, म्हणजे एका हॉटेलातले स्वयंपाकी. पुढे 'लंकादहन'मध्ये तर हाच गडी राम आणि हाच सीता!

"अगं बाई! म्हणजे स्वतःलाच वनवासात घेऊन गेला की!"

"1913 मध्येच 'मोहिनी भस्मासुर'साठी मात्र दोघी मिळाल्या. मराठीच. दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमला. आई पार्वती, मुलगी मोहिनी. मुलगी तेरा-चौदा वर्षांची असेल. नाटकातल्याच होत्या म्हणून धाडस झालं. त्याच पुढे कमलाबाई गोखले. विक्रम गोखल्यांच्या आजी."

विक्रम गोखल्यांचं नाव निघताच मावशी हळहळल्या, मग त्यांच्या आवाजाबद्दल थोडं झालं, मग हल्लीच्या नटांना आवाज कसा नसतो याबद्दल बरंच झालं. ते सोडून देते. मुद्दा असा की, दुर्गाबाईंनी पाऊल टाकल्यावर बायकांची काही रांग लागली नाही. पुढच्या दहा-बारा वर्षांत पडद्यावर ज्या आल्या त्यांतल्या कितीतरी ज्यू किंवा अँग्लो-इंडियन. कलकत्त्याची पेशन्स कूपर, सीता देवी या नावाने गाजलेली रेने स्मिथ, आणि आपली रूबी. हिंदू-मुसलमान घरांना जी अब्रूची धास्ती होती ती या मुलींच्या घरांना जरा कमी असावी. फ्रॉक घालून नोकरीला बाहेर पडायची सवय त्यांना आधीच होती.

"पण त्यांना भाषा कुठे येत होती आपली?"

"भाषा लागत होतीच कुठे? मुका सिनेमा! ओठ हलवायचे, डोळे वापरायचे. काय बोलली ते पुढच्या पाटीवर लिहून यायचं. ज्याला वाचता येईल तो मोठ्यानं वाचायचा, बाकीचे ऐकायचे. खाली पेटी-तबला वाजतोय, वर ही रडतेय. हिच्या घरात इंग्रजी बोलतात की चिनी, प्रेक्षकाला काय पडलंय?"

"सासूबाईंना वाचता येत होतं," शकूमावशी अभिमानाने म्हणाल्या. "शेजारच्या दोन बायका फुकट सिनेमा दाखवायच्या त्यांना. का? तर पाट्या वाचून दाखवते म्हणून!"

ही गोष्ट खरी असो वा नसो, मला फार आवडली.

एव्हाना भाऊ, म्हणजे मावशींचे यजमान, पेपर घेऊन व्हरांड्यात येऊन बसले होते. भाऊ सरकारी हिशेबखात्यात होते. ते गप्पांत भाग घेत नाहीत, फक्त चुका काढतात.

मी सांगत होते की 1925 च्या 'वीरबाला'पासून रूबीची गाडी सुरू झाली. 1926 मध्ये चंदुलाल शहांचा 'टायपिस्ट गर्ल' आला. त्यात गोहरही होती. नाव बघा, टायपिस्ट गर्ल! सीता, द्रौपदी, दमयंती करून करून कंटाळलेल्या पडद्यावर ऑफिसात जाणारी मुलगी आली. आणि ती करणारी बाई स्वतः कालपर्यंत टेलिफोनच्या बोर्डवर बसत होती, म्हणजे पगाराच्या नोकरीतली मुलगी कशी चालते, कशी बघते, पुरुषाला कशी वाटेला लावते, हे तिला शिकवायला नको. माझ्या मते तिचं खरं भांडवल तिथे आहे. रूपाचं कौतुक सगळे करतात. रूप तेव्हाच्या इतर नट्यांकडे, गोहरकडेही होतं, झुबेदाकडेही होतं. नोकरी केलेली बाई म्हणून हिच्या अंगात जो सुटेपणा आला असेल तो कुठल्या मेकअपमनने दिला नसता.

"आणि 1927 मध्ये तर कमाल केली. 'वाइल्डकॅट ऑफ बॉम्बे' नावाचा सिनेमा. भवनानींचाच, पण आता इंपीरियल कंपनीत. त्यात हिची आठ कामं!"

"आठ म्हणजे?"

"आठ सोंगं. माळी, पोलीस, हैदराबादी गृहस्थ, रस्त्यावरचं उनाड पोरगं, केळी विकणारा, गोरी मेम..."

"ही सहाच झाली," व्हरांड्यातून आवाज आला.

"अहो, तुम्ही पेपर वाचा," मावशी म्हणाल्या. "पोलीस? बाईमाणूस मिश्या लावून पोलीस?"

मला यात मौज वेगळीच वाटते. साल 1927. इकडे मराठी रंगभूमीवर बालगंधर्व शालू नेसून येत होते आणि सुवासिनी त्यांची नेसण बघून घरी जाऊन तशी नेसायचा प्रयत्न करत होत्या. तिकडे मुंबईच्याच एका स्टुडिओत पुण्याची एक मुलगी हैदराबादी गृहस्थ होऊन, पोलीस होऊन कॅमेऱ्यापुढे उभी होती. बालगंधर्वांवर आपण ग्रंथ लिहिले, आणि लिहायलाच हवे होते. पण या मुलीच्या पोलिसाबद्दल कुठे दोन ओळी वाचल्यात तुम्ही?

शकूमावशींनी नाही वाचल्या. त्यांना त्यापेक्षा 'अनारकली'चं भांडण ऐकायचं होतं, कारण त्यात भांडण होतं.

तर तेही सांगितलं. 1928 साली एका कंपनीने 'लव्हज ऑफ अ मुघल प्रिन्स' नावाचा मोठा थाटाचा सिनेमा काढायला घेतला. सलीम-अनारकलीची गोष्ट. अनारकली होती सीता देवी. इंपीरियलच्या अर्देशीर इराणींना याचा सुगावा लागला. इराणी म्हणजे धंद्यातला पक्का माणूस. त्यांनी आर. एस. चौधरींना दिग्दर्शनाला बसवलं, सुलोचनेला अनारकली केलं, दिनशॉ बिलिमोरियाला सलीम केलं आणि भराभर चित्रपट उरकून त्या लोकांच्या आधी थेटरात लावलासुद्धा! नंतर आलेल्या थाटाच्या अनारकलीकडे कोण बघतो?

"चोरी झाली ही!"

"गोष्ट कुणाच्या मालकीची नव्हती हो, मावशी."

"तरी. दुसरीनं डब्यात घालून आणलेली भाजी आधी वाढून मोकळं व्हायचं, हे काही बरं नाही." मावशींचं महिला मंडळातलं कुणाशी तरी जुनं वैर आहे, ते या वाक्यात डोकावलं. मी ओळखीचं हसले आणि पुढे गेले.

त्याच वर्षी 'माधुरी', पुढच्या वर्षी 'इंदिरा बी.ए.'. या 'माधुरी'ची एक गंमत सांगतात. गांधीजी खादी प्रदर्शनाचं उद्घाटन करताहेत अशी एक छोटी फिल्म होती. ती दाखवताना तिच्या जोडीला 'माधुरी'तला सुलोचनेचा नाच, आवाजाची जोड देऊन, लावला गेला म्हणे. खादी आणि सुलोचना एका तिकिटात! शकूमावशींचे वडील खादीवाले, त्यामुळे त्या जरा गप्प झाल्या. मग म्हणाल्या, "गर्दी गांधीजींसाठीच झाली असणार."

"असेल."

"असेल काय? असणारच!"

बरं. यापुढची गोष्ट सांगताना मात्र मला नेहमी या बाईबद्दल आदर वाटतो. 1931 च्या 14 मार्चला गिरगावात मॅजेस्टिकला 'आलम आरा' लागला आणि सिनेमा बोलायला लागला. काढला कुणी? इंपीरियलने. म्हणजे हिच्याच कंपनीने. हिरॉईन कोण? झुबेदा. सगळ्या हिंदुस्थानात जिचं नाव आधी घेतलं जायचं ती सुलोचना बाहेर, कारण आता तोंड उघडायचं होतं आणि हिचं हिंदुस्थानी कच्चं. डोळे कितीही बोलके असले तरी मायक्रोफोनला डोळे ऐकू येत नाहीत.

"तो 'आलम आरा' रात्री काढला ना गं? सासूबाई सांगायच्या, रात्री एक वाजता शूटिंग असायचं."

हे मात्र मावशींचं शंभर टक्के खरं. इंपीरियलचा स्टुडिओ केनेडी ब्रिजपाशी, आगगाडीच्या रुळांना लागून. मुक्या सिनेमाला गाडीचं काही देणंघेणं नव्हतं. बाजूने मेल गेली काय आणि हत्ती गेला काय. शूटिंग भर उन्हात, दिग्दर्शक भोंग्यातून ओरडतोय, 'आता रड, आता वळ, आता पदर ओढ', ही तसं करतेय, कुणी मध्येच शिंकलं तरी चालतंय. बोलपट आला आणि गाडीची शिट्टी थेट प्रेमाच्या संवादात शिरायला लागली. मग लोकल बंद झाल्यावर, रात्री एक ते पहाटे चार, असं काम चालायचं. म्हणजे नट-नट्यांचीच परीक्षा झाली असं नाही. स्टुडिओच्या भिंतींचीही झाली.

त्या एका वर्षात कितीतरी जणी संपल्या. सुलोचनेनं काय केलं? वर्षभर काम थांबवलं आणि हिंदुस्थानी शिकायला बसली. चोविसाव्या वर्षी, एवढं नाव झाल्यावर, पहिलीतल्या पोरासारखी उच्चार घोटायला बसली. आणि 1932 मध्ये आपलाच जुना 'माधुरी' बोलका करून परत आली. चालला! मग तोच रतीब लागला. 'इंदिरा बी.ए.'चा 1934 मध्ये 'इंदिरा एम.ए.' झाला...

"पाच वर्षांत एम.ए.? मधे नापास झाली होती की काय?" मावशी.

...1935 मध्ये 'अनारकली' पुन्हा, 1936 मध्ये ती वाइल्डकॅट 'बंबई की बिल्ली' होऊन पुन्हा. जुन्या मुक्या सिनेमांना तिने जीभ लावून दिली आणि त्याच प्रेक्षकांकडून दुसऱ्यांदा तिकिटाचे पैसे घेतले. हल्ली याला रीमेक म्हणतात आणि नवीन काही सुचत नाही म्हणून नाकं मुरडतात. तिनं 1932 मध्ये ते उघड उघड केलं, आणि तिच्या जागी दुसरी कुणी असती तर तिनेही हेच केलं असतं.

"हं. आता पगारावर ये," शकूमावशी म्हणाल्या. सकाळपासून त्या त्याचीच वाट बघत होत्या.

"महिन्याला पाच हजार."

"बघा!" त्या व्हरांड्याकडे वळल्या. "मी म्हटलं नव्हतं? गव्हर्नरापेक्षा जास्त!"

भाऊंनी पेपर खाली ठेवला. हे मला अनपेक्षित नव्हतं. "मुंबई इलाख्याच्या गव्हर्नराचा पगार," ते म्हणाले, "1919 च्या कायद्याच्या परिशिष्टात दिलेला आहे. वर्षाला एक लाख अठ्ठावीस हजारपर्यंत. 1935 च्या कायद्यात एक लाख वीस हजार केला. म्हणजे महिन्याला दहा हजार. तुमच्या सुलोचनेचे पाच हजार गुणिले बारा, साठ हजार. निम्म्याच्या आत-बाहेर."

कुंपणावर शांतता पसरली. सासूबाईंपासून चालत आलेली, पुढे पुस्तकांतून आणि लेखांतून छापून आलेली एक दंतकथा भाऊंनी दोन मिनिटांत मोडीत काढली होती. मी स्वतः ती कितीतरी ठिकाणी वाचली आहे. गुणाकार कुणी करून पाहिला नव्हता एवढंच.

"म्हणजे काही फार नव्हता तर," मावशींचा चेहरा उतरला.

"फार नव्हता?" आता भाऊंनाच राहवेना. "अगं, तेव्हा सोनं तोळ्याला पस्तीसच्या आसपास होतं. हिशेब कर. दर महिन्याला सव्वाशे तोळ्यांवर सोनं!"

सव्वाशे तोळे म्हटल्यावर मावशींना तो पगार पहिल्यांदाच खरा कळला. त्या मनातल्या मनात पाटल्या, बिलवर, गोठ, तोडे मोजत असाव्यात. मध्येच त्यांच्या बोटांची हालचाल झाली. गव्हर्नर गेला उडत. "दर महिन्याला?" त्यांनी पुन्हा विचारलं. "दर महिन्याला," भाऊ म्हणाले, आणि पेपर वर केला.

पगारामागोमाग मोटार आलीच. चकचकीत शेवरोले, 1935 ची. आणि मोटारीमागोमाग बिलिमोरिया. या विषयाला शकूमावशींनी आवाज खाली आणला. भाऊंना सगळं ऐकू येतं हे त्यांना माहीत असतं, पण विषयाला आवाज शोभला पाहिजे. तर 1933 ते 1939 ही सगळी वर्षं सुलोचनेनं फक्त दिनशॉ बिलिमोरियाबरोबर कामं केली. पडद्यावर तेच, पडद्याबाहेर तेच. तो पारशी, देखणा, हॉलिवूडच्या जॉन बॅरीमोरच्या धर्तीचा. लोक दोघांना बघायला तुटून पडत.

"आणि मग मोडलं. आणि बिचारीचं करिअरही संपलं. प्रेमभंग, दुसरं काय!"

इथे मात्र मी मावशींशी भांडले. थोडंसंच, कढीपत्त्याचं झाड त्यांच्या अंगणात आहे, फार भांडून चालत नाही. बाईचं काम थांबलं की त्याचं कारण तिच्या प्रेमात शोधायची आपली फार जुनी खोड आहे. बिलिमोरियाचंही संपलंच की! त्याच्या प्रेमभंगाबद्दल कुणी हळहळत नाही. खरी कारणं भाऊंच्या वहीत मांडता येतील अशी आहेत. 1938 मध्ये इंपीरियल कंपनी बंद पडली. पगारी नोकरी गेली, स्टुडिओ गेला, पाठीशी उभा राहणारा इराणींसारखा मालक गेला. बोलपटात गाणं आलं आणि गाणाऱ्या मुली आल्या. हिचं वय तिशीच्या पुढे गेलं. तेव्हाच्या पडद्यावर हिरॉईनचं तिशीपुढे काय होतं ते सांगायला नको. आणि तिने काही हातावर हात ठेवले नव्हते. तीसच्या दशकाच्या मध्यालाच स्वतःची 'रुबी पिक्स' नावाची कंपनी काढून पाहिली होती. फार चालली नाही. पण काढली होती, हे प्रेमभंगवाले सांगत नाहीत.

"मग पुढे?"

"पुढे मिळेल ते काम. 1947 मध्ये 'जुगनू' आला, दिलीपकुमार आणि नूरजहाँचा. त्यात ही प्रौढ बाई. एक म्हातारा प्रोफेसर तिच्यावर भाळतो, असा प्रकार. मुंबई सरकारनं 'जुगनू'वर बंदीच घातली. मोरारजीभाई होते ना गृहमंत्री. प्रोफेसरानं या वयात भाळणं त्यांना चालेना, असं सांगतात."

"योग्यच होतं," व्हरांड्यातून. भाऊ मोरारजींचे कट्टर. घरात आजही चहा दुपारी एकदाच होतो.

"म्हणजे चाळिशीतल्या बाईकडे कुणी बघायचंही नाही का?" मावशी एकदम उसळल्या. त्यांचा हा पवित्रा मला नवीन होता. भाऊंनाही असावा, कारण ते काही बोलले नाहीत.

मी चान्स साधून 1953 ची 'अनारकली' काढली. बीना राय, प्रदीपकुमार, आणि आपल्या सी. रामचंद्रांची गाणी. ती गाणी मावशींना तोंडपाठ आहेत; त्या लगेच गुणगुणायला लागल्या. म्हटलं, "त्यात सलीमची आई कोण होती, लक्षात आहे?"

"नाही बाई. आईकडे कोण बघतंय?"

"हीच. सुलोचना."

शकूमावशींचं गुणगुणणं थांबलं. पंचवीस वर्षांपूर्वी मुक्या सिनेमात जी अनारकली होती, अठरा वर्षांपूर्वी बोलपटात जी अनारकली होती, ती तिसऱ्या अनारकलीत सलीमची आई. दिग्दर्शक नंदलाल जसवंतलाल, ज्यांनी तिला 'इंदिरा एम.ए.' केलं होतं. म्हणजे सेटवर तिला ओळखणारा, तिचे ते दिवस पाहिलेला माणूस कॅमेऱ्यामागे बसलेला. दुसरी एखादी असती तर तब्येतीचं कारण सांगून घरी बसली असती. ही आली, मेकअप करून घेतला, सलीमची समजूत घातली, पैसे घेतले आणि घरी गेली. मला तिच्या सव्वाशे तोळ्यांपेक्षा हे मोठं वाटतं. याला कुणी शोकांतिका म्हणतात; मी म्हणते ही कामाची बाई होती. टेलिफोनच्या बोर्डवर बसलेली मुलगी शेवटपर्यंत तिच्यात शाबूत होती. पाळी आली की जागेवर जाऊन बसायचं.

आणि बसत राहिली. 1975 च्या 'ज्युली'तसुद्धा ती आहे. त्याच सिनेमात नादिराही आहे, तीही बगदादी ज्यू. दोन पिढ्यांच्या दोघी एका चित्रपटात. 'ज्युली' मावशींनी लग्नानंतर चोरून पाहिला होता. भाऊ ऐकत होते म्हणून तो विषय वाढवला नाही.

मधल्या काळात सरकारला तिची आठवण झाली. 1973 चा दादासाहेब फाळके पुरस्कार सुलोचना, म्हणजे रूबी मायर्स. त्याआधी हा मान मिळालेली बाई एकच, देविका राणी. ज्या फाळक्यांना तारामती करायला एक बाई मिळाली नव्हती आणि आचाऱ्याला लुगडं नेसवावं लागलं होतं, त्यांच्या नावाचा पुरस्कार! फाळक्यांना तो दिवस बघायला मिळायला हवा होता. 10 ऑक्टोबर 1983 ला ती मुंबईत गेली. 2013 मध्ये भारतीय सिनेमाची शंभरी झाली तेव्हा टपाल खात्याने तिचं तिकीट काढलं.

"तिकीट? अहो, आपल्याकडे आहे का?"

भाऊंकडे नाही. भाऊ तिकिटं गोळा करतात ती 1960 पर्यंतचीच. त्यानंतर छपाई बिघडली, असं त्यांचं मत आहे.

"मला ती मांजरीण बघायची आहे," शकूमावशी अचानक म्हणाल्या. "ती आठ सोंगांची. नातवाला सांगते, मोबाईलवर लावून देईल. पोलीस कशी झाली होती ते बघायचंय."

हे सांगणं मला जड गेलं. नातू काय, कुणीच लावून देऊ शकणार नाही. मुक्या जमान्यात आपल्याकडे तेराशेच्या आसपास चित्रपट निघाले, त्यांतले हाताला लागतात ते अगदीच थोडे. बरेचसे तर तुकड्यांत. 'वाइल्डकॅट ऑफ बॉम्बे' गेला. तेव्हाची फिल्म नायट्रेटची, ठिणगी लागली की भडकायची. गोदामंच्या गोदामं जळाली. जी रिळं जळाली नाहीत ती विकली गेली, कारण फिल्मच्या रिळांत चांदी असते. रिळं भट्टीत घालायची, चांदी काढून घ्यायची, उरलेलं फेकायचं. चित्रपट चालून झाला की मालकाच्या दृष्टीने त्याची किंमत तेवढीच. 'आलम आरा'ची रिळंसुद्धा अशीच चांदीपायी गेली, हे पुण्याच्या चित्रपट संग्रहालयाच्या पी. के. नायरांनी सांगून ठेवलंय. त्यांनी देशभर हिंडून, गोदामं उपसून, डबे गोळा केले म्हणून जे थोडं आहे ते तरी आहे.

म्हणजे हिचा पगार आपल्याला माहीत आहे, मोटारीचं मॉडेल माहीत आहे, कुणाबरोबर फिरत होती ते माहीत आहे. आणि जे बघून लोकांनी हिला डोक्यावर घेतलं तो पोलीस, तो माळी, तो केळीवाला, ते तेवढं गेलं.

मावशी आत गेल्या. मला वाटलं, कंटाळल्या. पण त्या एक डबा घेऊन आल्या, सासूबाईंचा, पत्र्याचा, बिस्किटांचा. त्यात मंगळसूत्राची जुनी वाटी, दोन तांब्याचे पैसे, कुणाचं तरी लग्नाचं आमंत्रण आणि खाली एक चोपडी. सिनेमाच्या थेटरात गाण्यांच्या चोपड्या मिळायच्या, त्यातली. 'अनारकली', इंपीरियल, बोलपट. कागद पापडासारखा झालेला, कडा किड्यांनी कुरतडलेल्या, टाचणी गंजून तिचा डाग पानापानांतून पार झालेला. मुखपृष्ठावर सुलोचना. छपाई इतकी विरलेली की नाक दिसत नाही. डोळे तेवढे शिल्लक आहेत.

"हे रद्दीवाल्याला द्यायचं होतं. तो घेईना. म्हणाला, एवढ्याशा कागदाचं वजनच होत नाही."

मी कुंपणावरून दोन्ही हात पुढे केले आणि चोपडी आधी माझ्या ताब्यात घेतली. मग सांगितलं की लॉ कॉलेज रोडला चित्रपट संग्रहालय आहे, तिथे अशा गोष्टींना वजन असतं. भाऊंनी पोचपावती मिळते का, एवढंच विचारलं.

तुमच्याही माळ्यावर, आजीच्या ट्रंकेत, देव्हाऱ्याखालच्या कप्प्यात असं काही असेल. गाण्यांची चोपडी, थेटरात वाटलेलं हँडबिल, नटीचा फोटो, एखाद्या काकांनी हौसेने आणलेला फिल्मचा तुकडा. दिवाळीची आवराआवर काढण्याआधी एकदा बघा. रद्दीवाल्याला नंतर हाक मारा.